आद्याक्षर आणि नाव : दुसऱ्या अक्षराचा प्रश्न

ठाणे शहरातील वर्तकनगर ही म्हाडाची जुनी वसाहत. तिच्या आसपास लोकमान्यनगर, सावरकरनगर, शास्त्रीनगर अशी नगरे वसलेली आहेत. या नावांतले एक साम्य इतके सवयीचे झाले आहे की ते सहसा जाणवत नाही. यांपैकी एकाही नावात आद्याक्षर नाही. सावरकरनगराला ‘वि. दा.’ लागत नाहीत. लोकमान्यनगरात तर आडनावही गळून केवळ उपाधी उरली आहे. वर्तकनगरात आडनाव आहे. पण हे वर्तक कोण, त्यांचे स्वतःचे नाव काय, वडिलांचे काय, याचा मागमूस नावात नाही. माणसाचे नाव जागेला मिळते तेव्हा त्यातून पहिल्यांदा वडील जातात आणि पाठोपाठ तो माणूसही. आता अशाच वसाहतीतील एखाद्या इमारतीच्या जिन्यापाशी लावलेला रहिवाशांचा फलक पाहावा. तेथे आडनाव पूर्ण असते आणि त्याआधी दोन टिंबयुक्त अक्षरे असतात : एक रहिवाशाचे, दुसरे त्याच्या वडिलांचे. नगराच्या नावात जे सांगण्याची गरज नाही म्हणून गाळले जाते, तेच फलकावर जागा नाही म्हणून आखडले जाते. गाळणे आणि आखडणे या दोन क्रिया वरवर सारख्या दिसल्या तरी त्यांचे नैतिक अर्थ भिन्न आहेत. मराठी वाङ्मयव्यवहारात आद्याक्षरांना जे असाधारण स्थान मिळाले, त्याचा विचार या भेदापासूनच करावयास हवा.

संक्षेपाचे एक मूलभूत गृहीतक असते. जे सर्वांना ज्ञात आहे, त्याचाच संक्षेप होऊ शकतो. जुन्या मराठी पत्रांत ‘रा. रा.’ लिहिले की ‘राजमान्य राजेश्री’ कळत असे, ‘सा. न. वि. वि.’ मध्ये साष्टांग नमस्कार आणि विनंती विशेष सामावलेले असत, ‘वे. शा. सं.’, ‘ह. भ. प.’, ‘चि.’, ‘सौ.’ ही सर्व याच जातीची चिन्हे होत. येथे संक्षेप झाला तो मायन्याचा, आदराचा, नात्याचा. अर्थात जे ठरीव होते त्याचा. व्यक्तीचे नाव मात्र पूर्ण लिहिले जाई, आणि जेथे पित्याचा निर्देश आवश्यक असे तेथे ‘बिन’ किंवा ‘वल्द’ असा शब्द मध्ये घालून तो स्पष्टपणे केला जाई. ‘बिन’ हा शब्द अरबी, पण तो मराठी कागदपत्रांत इतका मुरला की त्याचे परकेपण कोणास जाणवत नसे. मुद्रणाच्या आणि इंग्रजी पद्धतीच्या कचेऱ्यांच्या काळात ही रचना उलटी झाली. आदराचे शब्द हळूहळू झडले आणि नावांची अक्षरे झाली. जे ठरीव होते ते नाहीसे झाले आणि जे विशिष्ट होते ते झाकले गेले. हजेरीपटावरच्या ‘स. रा. पाटील’ या नोंदीत ‘स’ म्हणजे सदाशिव, सखाराम की सर्जेराव हे वाचणाऱ्याला ठाऊक नसते, आणि ठाऊक असावे अशी त्या नोंदीची अपेक्षाही नसते. याला संक्षेप म्हणण्यापेक्षा झाकण म्हणणे अधिक योग्य.

संस्कृत वैयाकरणांना नावाच्या अंशाने नावाचे ग्रहण होणे परिचित होते. सत्यभामेला भामा म्हणावे, देवदत्ताला दत्त म्हणावे, याची चर्चा पतंजलीच्या महाभाष्यात आहे. पण तेथे उरणारा अंश हा स्वतः अर्थवान शब्द असतो. ‘स’ म्हणून सत्यभामा कोणी ओळखत नाही. अर्ध्या मात्रेची बचत झाली तरी वैयाकरणाला पुत्रजन्माचा आनंद होतो, असे एक जुने परिभाषावचन सांगते. मराठी आद्याक्षरांच्या संदर्भात त्या दृष्टान्ताला एक अनपेक्षित छटा येते, कारण येथे जी बचत होते तिचा मोठा वाटा पुत्राच्या नावातल्या पित्याच्या खात्यावर पडतो.

दुसरे अक्षर पित्याचे, ही मराठी (आणि गुजराती) नामपद्धतीची खूण आहे. तमिळनाडूत आडनाव, विशेषतः जातिवाचक आडनाव, बहुधा वगळले जाते आणि पित्याचे अक्षर स्वतःच्या पूर्ण नावाआधी येते. तेथे माणूस पूर्ण दिसतो आणि जात झाकली जाते. मराठीत नेमके उलट आहे. आडनाव, आणि त्यासह बहुतेक वेळा जातीची सूचना, पूर्ण राहते. झाकला जातो तो माणूस. व्ही. शांताराम हा या नियमाचा एक विलोभनीय अपवाद. शांताराम राजाराम वणकुद्रे या नावातील आडनावच तेथे आद्याक्षर झाले आणि आडनावाशिवायचा शांताराम उरला. चित्रपटाच्या जगाने जे सहज केले ते साहित्याने क्वचितच केले.

दुसऱ्या अक्षराचे कार्य काय, हे पाहण्यासाठी तीन पुरुषोत्तम पुरेसे आहेत : पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे, पुरुषोत्तम भास्कर भावे आणि पुरुषोत्तम शिवराम रेगे. तिघांचे पहिले अक्षर ‘पु.’ म्हणजे ज्या अक्षरात ते स्वतः आहेत, त्या अक्षराने त्यांच्यात काहीच भेद होत नाही. भेद होतो तो ‘ल’, ‘भा’ आणि ‘शि’ यांनी. सोस्यूरने भाषेत केवळ भेद असतात असे म्हटले तेव्हा त्याच्या मनात ध्वनी होते. पण येथे तर साक्षात पितेच भेदक झाले आहेत. ‘पु. ल.’ म्हणताना पु. लं.ना पु. भां.पासून वेगळे करणारे लक्ष्मणराव असतात, आणि तरीही ते उच्चारताना लक्ष्मणरावांचे स्मरण कोणालाही होत नाही. चौथे उदाहरण याहून मार्मिक आहे. वसंत पुरुषोत्तम काळे यांच्या ‘वपु’ मध्येही ‘पु’ आहे, परंतु येथे तो पुत्र नसून पिता आहे. तेच अक्षर पहिल्या जागी स्वत्व आणि दुसऱ्या जागी वारसा सांगते. अक्षराला अर्थ नसतो, जागेला असतो, याचे इतके साधे प्रात्यक्षिक अन्यत्र मिळणे कठीण.

आद्याक्षरांचे नाव होते म्हणजे नेमके काय होते? याचे उत्तर बहुधा प्रेम, लोकप्रियता, जवळीक अशा शब्दांत दिले जाते. ते खोटे नाही, पण सैल आहे. व्याकरणाने अधिक काटेकोर उत्तर दिले आहे. ‘पु. ल. देशपांडे यांनी’ असे लिहिले जाते तोवर अक्षरे ही अक्षरेच असतात. विभक्ती लागते ती सर्वनामाला. ‘पुलंनी’ असे लिहिताच टिंबे गळतात, प्रत्यय थेट अक्षरांना लागतो आणि आदरार्थी अनेकवचन त्यांच्या अंगात शिरते. वपुंची, जीएंच्या, गदिमांना, गोनीदांचे, शन्नांनी : विभक्ती घेण्याची पात्रता येणे म्हणजे नाव होणे. भाषेने येथे एक बारीक काळजीही घेतलेली दिसते. नदीवरच्या पुलाचे अनेकवचनी सामान्यरूप ‘पुलांनी’ होते. माणसाचे ‘पुलंनी’ होते. एका अनुस्वाराच्या अंतरावर दोन्ही अर्थ सुखाने नांदतात. सर्वांनाच हे भाग्य लाभले नाही. बा. सी. मर्ढेकरांची अक्षरे सलग म्हणून पाहिली की ती शिळ्या अन्नाकडे जातात, हे एक कारण असेल. पण ज्या कवितेने वाचकाला अंतरावर ठेवले तिच्या कर्त्याला मराठीने आडनावानेच ओळखावे, हेही तिला साजेसेच.

डोंबिवलीचे शं. ना. नवरे (१९२७–२०१३) यांचे ‘शन्ना’ हे या प्रक्रियेचे सर्वांत पूर्ण रूप म्हणता येईल. येथे केवळ दोन अक्षरे शेजारी आली नाहीत, त्यांचा संधी झाला. ‘शं’वरील अनुस्वार पुढच्या ‘ना’मुळे ‘न्’ झाला आणि जोडाक्षर बनले. शंकर आणि नारायण, पुत्र आणि पिता, एका जोडाक्षरात असे मिसळले की कोणाचा ‘न’ कोणता हे सांगता येऊ नये. याच शहरात पु. भा. भावे यांचेही वास्तव्य होते, आणि २०१७ साली डोंबिवलीत भरलेल्या नव्वदाव्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या नगरीला त्यांचे नाव देण्यात आले. ती ‘पु. भा. भावे साहित्यनगरी’ होती, ‘भावेनगर’ नव्हती. ठाण्यातील नगरांच्या नावांत जे घडले ते येथे घडले नाही. साहित्यिकाच्या बाबतीत अक्षरे हाच नावाचा गाभा झालेला असतो. ती काढली तर आडनावापुरता कोणीही भावे उरतो.

हे सामर्थ्य देवनागरीचेही आहे. रोमन लिपीत आद्याक्षर हा एक वर्ण असतो आणि त्याचा उच्चार म्हणजे त्या वर्णाचे नाव. मूळ नावाचा ध्वनी त्यात बहुधा उरत नाही. देवनागरीत ते स्वरासह अक्षर असते. ‘गो’, ‘चिं’, ‘पु’, ‘शं’ यांत नावाचा एक जिवंत तुकडा असतो आणि तो दुसऱ्या तुकड्याशी जुळू शकतो. गुरुनाथ आबाजी कुलकर्णी ‘गु. आ.’ न होता ‘जी. ए.’ झाले, तेव्हा त्यांचे नाव रोमन लिपीतून फिरून मराठीत आले. धारवाडमध्ये इंग्रजीचे अध्यापन करणाऱ्या आणि वाचकांच्या नजरेपासून कसोशीने दूर राहणाऱ्या या कथाकाराला हे दुहेरी झाकण शोभून दिसते. ‘जी’त गुरुनाथ ऐकू येत नाही, ‘ए’त आबाजी तर नाहीच.

फ्रेंचमध्ये आद्याक्षरांची जी नावे झाली ती याच दुसऱ्या प्रकारची आहेत. ज्याँ-क्लोद नावाच्या माणसाला घरचे, मित्र ‘झीसे’ म्हणतात, ज्याँ-पिएरला ‘झीपे’. जे आणि सी, जे आणि पी या वर्णांची ती फ्रेंच नावे होत, आणि ती कधी कधी उच्चाराप्रमाणे शब्द म्हणूनच लिहिली जातात. टिनटिनचा कर्ता जॉर्ज रेमी हा फ्रेंचभाषक बेल्जियन. त्याने आपली अक्षरे उलट्या क्रमाने घेतली, आर आणि जी, आणि त्यांच्या उच्चारातून ‘एर्झे’ हे नाव साधले. या नावांची कौटुंबिक बाजू मात्र मराठीहून अगदी भिन्न आहे. ‘झीसे’तील दोन्ही अक्षरे एकाच व्यक्तीची असतात, कारण ज्याँ-क्लोद हे एकाच मुलाचे जोडनाव आहे. पिता तेथे आडनावात असतो, मधल्या जागी नसतो. फ्रान्समध्ये नावावर पित्याऐवजी शासनाचा पहारा होता. क्रांतिकालीन पंचांगाच्या ११ व्या वर्षीच्या, म्हणजे १८०३ च्या कायद्याने मुलाचे नाव पंचांगांतील नावांतून किंवा प्राचीन इतिहासातील व्यक्तींच्या नावांतूनच निवडावे असे बंधन घातले होते, आणि ते तत्त्वतः १९९३ पर्यंत टिकले. सर्वांनाच ज्याँ, पिएर, क्लोद व्हावे लागत असेल, तर जोडनावांची आणि त्यांतून घरगुती अक्षरनावांची हौस का वाढावी, हे समजण्यासारखे आहे. नोंदवहीतले नाव शासनाच्या मान्यतेचे. अक्षरांचे नाव मात्र आपले. रोलाँ बार्थने १९७५ च्या आपल्या आत्मपर पुस्तकात स्वतःचा उल्लेख कधी ‘तो’ असा तर कधी केवळ ‘आर. बी.’ असा केला, तो याच संस्कृतीत. तेथे अक्षर हे स्वतःपासून अंतर घेण्याचे साधन आहे. मराठीत अक्षर घेतले की अंतर स्वतःपासून पडत नाही. ते पडते पित्यापासून, आणि तेही त्याला बरोबर घेऊन.

‘वडिलांचे नाव काढणे’ हा मराठीतला गौरवाचा वाक्प्रचार आहे. मुलाने कीर्ती मिळविली की त्याने बापाचे नाव काढले असे म्हणतात. शब्दशः घेतला तर हाच वाक्प्रचार नाव काढून टाकण्याचाही होतो. ज्यांची आद्याक्षरे नाव झाली त्यांनी दोन्ही अर्थांनी वडिलांचे नाव काढले. ‘गदिमा’ मधला ‘दि’ म्हणजे दिगंबर माडगूळकर. तो गजाननांचा आहे तितकाच धाकट्या व्यंकटेशांचाही आहे. पण व्यंकटेश माडगूळकर आद्याक्षरांत कधी गेले नाहीत, त्यामुळे तो ‘दि’ थोरल्या भावाच्या नावात एकटाच अडकून राहिला.

पित्याचा उल्लेख नावात करण्याचा याहून जुना आणि उघड प्रकार कवींच्या टोपणनावांत होता. कृष्णाजी केशव दामले ‘केशवसुत’ झाले : मधले नावच पुढे आले आणि कवी त्याच्या मागे ‘सुत’ होऊन उभा राहिला. राम गणेश गडकरी ‘गोविंदाग्रज’ झाले, विष्णु वामन शिरवाडकर ‘कुसुमाग्रज’. या नावांत कवी स्वतःला कोणाचा तरी मुलगा, कोणाचा तरी थोरला भाऊ म्हणून जाहीर करतो. नाते हेच नाव होते. आद्याक्षरांनी नाते राखले खरे, पण ते वाचता येणार नाही अशा अवस्थेत.

येथवर दुसरे अक्षर स्थिर असते असे मानले गेले. ते तसे नाही. मराठीला ज्ञानपीठ पुरस्कार चार वेळा मिळाला, आणि त्या चार नावांचा क्रम या दृष्टीने वाचण्यासारखा आहे. वि. स. खांडेकर हे जन्माने गणेश आत्माराम; चुलते सखाराम यांना दत्तक गेल्यावर ते विष्णु सखाराम झाले. वि. वा. शिरवाडकर हे जन्माने गजानन रंगनाथ. तेही दत्तकविधानाने विष्णु वामन झाले. म्हणजे ‘वि. स.’ आणि ‘वि. वा.’ या मराठी वाचकाच्या कानात कोरल्या गेलेल्या जोड्यांमागे ‘ग. आ.’ आणि ‘ग. रं.’ अशा दोन पुसलेल्या जोड्या आहेत. विशेष हे की पित्याबरोबर मुलाचे स्वतःचे नावही बदलले. वारसा बदलला की वारसदारही नवा व्हावा असा त्यामागचा भाव. तिसरे विंदा करंदीकर. त्यांचे नाव गोविंद विनायक. आद्याक्षरे घ्यायची तर ती ‘गो. वि.’ व्हावीत. ‘विंदा’ हे आद्याक्षरांसारखे दिसणारे पण आद्याक्षरे नसलेले नाव आहे, आणि कित्येक ठिकाणी ते ‘विं. दा.’ असे टिंबे देऊन छापले गेले आहे, कारण मराठी डोळ्याला कवीच्या नावात पिता असणारच अशी खात्री वाटते. चौथे भालचंद्र नेमाडे. त्यांच्या नावात टिंब नाही, मधले नाव नाही. १९६३ च्या ‘कोसला’पासून ते याच रूपात वाचकासमोर आहेत.

नेमाड्यांचे एकट्याचे ते वैशिष्ट्य नव्हे. अरुण कोलटकर, दिलीप चित्रे, अशोक शहाणे, भाऊ पाध्ये, राजा ढाले, नामदेव ढसाळ : साठोत्तरी लघुनियतकालिकांच्या पिढीने आद्याक्षरे टाकली आणि पहिले नाव उघडे केले. या बदलाची वाङ्मयेतिहासात फारशी दखल घेतली गेलेली नाही, कारण तो एखाद्या जाहीरनाम्यातून आला नाही, पुस्तकांच्या मुखपृष्ठांवरून आला. पण ज्या पिढीने प्रतिष्ठित साहित्यसंस्थेचा वारसा नाकारला, तिने नावातली वारशाची जागा रिकामी ठेवावी हा योगायोग मानता येणार नाही. अर्थात याला प्रतिउदाहरणे आहेत. दलित पँथरच्या संस्थापकांपैकी ज. वि. पवार यांनी अक्षरे ठेवली. ‘आठवणींचे पक्षी’चे प्र. ई. सोनकांबळे यांनीही. आणि ती ठेवण्यामागेही एक न्याय आहे. ज्या समाजाला शतकानुशतके एकेरी, तुटक, तुच्छतेच्या नावांनी हाकारले गेले, त्याला दोन अक्षरे आणि आडनाव हा कचेरीतला, पुस्तकावरचा मान नाकारण्याची घाई का असावी? ज्याला झाकण कधी मिळालेच नव्हते त्याला उघडेपणाचे तत्त्वज्ञान सांगणे सोपे असते.

याच ठिकाणी प्रश्न वाङ्मयीन राहत नाही. शरणकुमार लिंबाळे यांचे ‘अक्करमाशी’ १९८४ साली आले. वडील सवर्ण पाटील, आई महार, आणि विवाह नाही. या आत्मकथनात शाळेच्या दाखल्यावर वडिलांच्या जागी कोणाचे नाव लिहायचे, हा प्रश्न जगण्याच्या मुळाशी जाऊन बसतो. ‘शन्ना’त ज्या अक्षराचा विसर पडणे हे प्रेमाचे लक्षण ठरते, ते अक्षर येथे मुळात मिळतच नाही. विसरण्यासाठी ते आधी असावे लागते. फूकोने १९६९ च्या आपल्या व्याख्यानात लेखकाचे नाव हे साधे विशेषनाम नसून ते संहितांना एकत्र बांधणारे कार्य करते असे दाखविले, आणि त्याचा ऊहापोह मराठीतही झाला. परंतु मराठी लेखकाचे नाव हे त्याआधी एक नोंद असते : शाळेच्या पटावरची, जन्ममृत्यूच्या वहीतली, जातीच्या दाखल्यावरची. तिच्यातली मधली जागा रिकामी असली तर लेखक होण्याच्या कितीतरी आधी माणूस अडतो. २०१८ साली उत्तर प्रदेश शासनाने अभिलेखांत ‘भीमराव रामजी आंबेडकर’ असे पूर्ण नाव लिहिण्याचा आदेश काढला, तेव्हा ‘रामजी’वरून मोठा वाद झाला. महाराष्ट्रात जी केवळ पित्याची जागा आहे, ती हिंदी प्रदेशात देवाची आणि राजकारणाची जागा म्हणून वाचली गेली. दुसरे नाव निष्पाप असते ते त्याच्या व्यवस्थेच्या आतच.

स्त्रियांच्या बाबतीत ही व्यवस्था आणखी उघडी पडते. जिचे नाव निव्वळ आद्याक्षरांनी प्रेमाने घेतले जाते अशी मराठी लेखिका सहजासहजी आठवत नाही. इरावती कर्वे, दुर्गा भागवत, गौरी देशपांडे पूर्ण नावाच्या राहिल्या. शांता शेळके यांच्या नावात ‘ज.’ हे अक्षर काही काळ होते, म्हणजे जनार्दन. पण पहिले नाव तेव्हाही उघडेच होते, आणि पुढे तो ‘ज.’ही गेला. ‘शां. ज.’ असे काही झाले नाही. याचे कारण शोधताना संकोच, सभ्यता, रूढी असे शब्द येतात. पण रचना पाहिली तर कारण साधे आहे. पुरुषाची दोन अक्षरे जन्मापासून मरेपर्यंत तीच राहतात, दत्तकाचा अपवाद वगळता. स्त्रीचे दुसरे अक्षर विवाहाबरोबर बदलते, आणि कित्येक घरांत पहिलेही. खांडेकर आणि शिरवाडकर यांच्या बाबतीत जे दत्तकविधानाने घडले आणि चरित्रकारांना नोंदवावेसे वाटले, ते बहुसंख्य मराठी स्त्रियांच्या बाबतीत लग्नात घडते आणि कोणी नोंदवत नाही. जी जोडीच टिकत नाही तिचे नाव होणार कसे? ज्या लेखिकेला खरोखर झाकले जाण्याची गरज होती, तिला आद्याक्षरे पुरली नाहीत. ‘कळ्यांचे निःश्वास’ १९३३ साली प्रसिद्ध झाले ते विभावरी शिरूरकर या संपूर्ण रचलेल्या नावाने, जे ना बाळूताई खरे होते ना मालती बेडेकर. सरकारी अर्जांवर वर्षानुवर्षे छापल्या गेलेल्या ‘वडिलांचे/पतीचे नाव’ या शब्दांतली तिरकी रेघ हा मराठी स्त्रीच्या नावाचा खरा संधी. तो ‘शन्ना’तल्या संधीसारखा जोडत नाही, पर्याय देतो.

न्यायालयांनी अक्षरांचा तिसरा एक उपयोग केला आहे. अविवाहित मातेने पित्याचे नाव उघड न करता अपत्याचे पालकत्व मागितले, त्या खटल्याचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली दिला. त्या निकालात मातेचे नाव ‘एबीसी’ आहे. ती कोणाचीही आद्याक्षरे नाहीत. वर्णमालेची पहिली तीन अक्षरे आहेत. पित्याचे नाव मागू नये असे सांगणाऱ्या निर्णयात तिचे स्वतःचे नाव असे पूर्णपणे अक्षरांत विरून जावे, यात विरोधाभास आहे खरा; पण तिच्यापुरते ते संरक्षण होते, आणि जिन्याखालच्या फलकावरच्या झाकणापेक्षा ते अधिक प्रामाणिक होते.

मार्च २०२४ मध्ये महाराष्ट्र शासनाने निर्णय घेतला की १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्यांच्या शासकीय दस्तऐवजांवर आईचे नाव बंधनकारक राहील, आणि क्रम असा असेल : बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव, आडनाव. मराठी नावाच्या मधल्या जागेत इतक्या काळानंतर झालेला हा पहिला मोठा फेरफार आहे, आणि त्याचे स्वागत करताना हात आखडता घेण्याचे कारण नाही. तरीही अक्षरांच्या बाजूने पाहिले तर दोन गोष्टी दिसतात. पहिली अशी की आद्याक्षराला लिंग नसते. ‘सु.’ सुनंदा असू शकते, सुरेशही. या पिढीतले कोणी उद्या लेखक झाले आणि चार शब्दांचे नाव पुन्हा अक्षरांवर आले, तर दुसऱ्या जागी आई आहे हे केवळ क्रम ठाऊक असणाऱ्यालाच कळेल. पिता जसा ‘ल’मध्ये दिसेनासा झाला तशी आईही होईल. ती समानताच म्हणावी लागेल, पण अदृश्यतेतली. दुसरी गोष्ट निर्णयातच लिहिलेली आहे. विवाहित स्त्रियांच्या बाबतीत प्रचलित पद्धत चालू राहते : तिचे नाव, पतीचे नाव, आडनाव. त्या पद्धतीने जाणाऱ्या मुलीच्या नावात आईचे अक्षर लग्नापर्यंत राहील. तिच्या भावाच्या नावात ते शेवटपर्यंत राहील.